एका क्रीडासंघाचा उदयास्त

राज्यांचे, राजघराण्यांचे आणि पेढ्यांचे इतिहास लिहिण्याची चाल सर्वत्र आहे. खेळाच्या संघाचा इतिहास लिहावयाचा म्हटलें म्हणजे मात्र पुष्कळांस तें रिकामपणाचें काम वाटतें. आमचें मत तसें नाहीं. पंधरा गडी एका वेषांत मैदानावर उतरतात तेव्हां त्यांचा खर्च कोण चालवितो, पायाखालची जमीन कोणाच्या मालकीची, आणि संघ बुडाला तर खरोखर बुडतें कोण, हे प्रश्न विचारूं लागलें कीं त्या समाजाची घडण आपोआप उलगडूं लागते. इंग्लंडांतील ‘वॉस्प्स’ नांवाच्या रग्बी क्लबाची हकीकत या दृष्टीनें विचार करण्याजोगी आहे. वॉस्प म्हणजे गांधीलमाशी. १८६७ सालीं निघालेला हा क्लब सहा वेळां इंग्लंडचा आणि दोन वेळां युरोपचा अजिंक्य संघ ठरला, आणि ऑक्टोबर २०२२ मध्यें त्याच्या कंपनीचें दिवाळें वाजलें. एवढ्या कीर्तीच्या संघाची अशी गत कां झाली, हें पाहण्याचें आम्हीं येथें योजिलें आहे.

प्रथम खेळाविषयीं दोन शब्द. रग्बी हा हातापायांनीं खेळावयाचा फुटबॉल होय. लांबोळका चेंडू उराशीं धरून प्रतिपक्षाच्या गोलरेषेपलीकडे जमिनीस टेकविला म्हणजे ‘ट्राय’ होतो. चेंडू हातानें पुढें फेंकावयाचा नाहीं, मागें किंवा बाजूस द्यावयाचा. आणि चेंडूवाल्यास प्रतिपक्षानें कवटाळून पाडावयाचें. हुतुतूंतील पकडीची ज्यांस ओळख आहे त्यांस यांतील रग निराळी सांगावयास नको. इंग्लंडांत हा खेळ मोठमोठ्या निवासी शाळांतून वाढला, म्हणून प्रारंभीं तो मुख्यतः सुखवस्तु लोकांचा होता. २६ जानेवारी १८७१ रोजीं लंडनांत २१ क्लबांनीं एकत्र येऊन ‘रग्बी फुटबॉल यूनियन’ ही संस्था स्थापिली. त्या २१ मध्यें वॉस्प्सचें नांव नाहीं. त्यांचा प्रतिनिधि पत्ता चुकून भलत्याच मद्यगृहांत जाऊन बसला, अशी आख्यायिका आहे. आणि गंमत अशी कीं, या फजितीचा क्लबास पुढें अभिमानच वाटे.

या यूनियनचा मूळ दंडक असा कीं, खेळावयाचें तें हौसेखातर. त्याबद्दल एक पैही घ्यावयाची नाहीं. ऐकावयास हें तत्त्व उदात्त आहे. परंतु उत्तर इंग्लंडांतील गिरण्यांत व खाणींत राबणाऱ्या गड्यांस सामन्यासाठीं कामाचा खाडा करावा लागे. ही बुडालेली मजुरी क्लबानें भरून द्यावी, एवढीच तिकडील क्लबांची मागणी होती. यूनियननें ती फेटाळली. तेव्हां २९ ऑगस्ट १८९५ रोजीं हडर्सफील्ड येथें जमून उत्तरेकडील क्लबांनीं वेगळी चूल मांडली. तिच्यांतूनच पुढें १३ गड्यांची ‘रग्बी लीग’ निर्माण झाली. उभयतांतील वैर शंभर वर्षें टिकलें. पैसे घेऊन जो तेरांच्या खेळांत गेला त्यास पंधरांच्या खेळाचे दरवाजे बंद होत. हौशीपणा हा सद्गुण खरा; परंतु ज्याच्या घरची चूल खेळावर अवलंबून नाहीं त्यालाच तो बिनबोभाट पाळतां येतो, ही गोष्ट १८९५ च्या त्या फाटाफुटीवरून स्पष्ट दिसते. म्हणून पुढें जी हकीकत सांगावयाची आहे तिच्यावरून ‘पैसा आला आणि खेळ नासला’ असा सोपा सिद्धान्त वाचकांनीं काढूं नये.

वॉस्प्स हा दक्षिणेकडील, अर्थात् हौशी पंथाचा क्लब. आरंभींचीं पुष्कळ वर्षें त्यानें या मैदानावरून त्या मैदानावर बिऱ्हाड हलविण्यांत घालविलीं. १९२३ सालीं लंडनच्या वायव्येस सडबरी येथें त्यास मैदान मिळालें आणि कालांतरानें तें त्याच्या मालकीचें झालें. सत्तरांहून अधिक वर्षें हेंच त्याचें घर होतें. गडी दिवसा आपापल्या कचेऱ्यांत, शाळांत किंवा दुकानांत काम करीत आणि संध्याकाळीं सरावास येत. १९८७ सालीं इंग्लंडांत क्लबांची साखळी स्पर्धा सुरू झाली; तिचें अजिंक्यपद वॉस्प्सनें १९९० मध्यें पटकाविलें. त्या विजयी संघांतील एकाही गड्यास क्लबाकडून पगार नव्हता.

ऑगस्ट १९९५ मध्यें पॅरिस येथें आंतरराष्ट्रीय मंडळानें हौशीपणाचा दंडक रद्द केला. त्याचा पहिला तडाखा वॉस्प्सलाच बसला. इंग्लंडचा नामांकित खेळाडू रॉब अँड्र्यू हा त्या क्लबाचा आधारस्तंभ. त्याला न्यूकॅसलच्या एका धनिकानें आपल्या संघाच्या उभारणीस नेलें, आणि त्याच्या पाठोपाठ कर्णधार डीन रायन व स्टीव्ह बेट्स हेही निघून गेले. कर्णधारपद अवघ्या २३ वर्षांच्या लॉरेन्स डलाग्लिओ याच्याकडे आलें. इकडे गाण्यांच्या तबकड्यांच्या धंद्यांत पैसा मिळविलेले क्रिस राइट यांनीं १९९६ मध्यें क्वीन्स पार्क रेंजर्स हा फुटबॉल क्लब व वॉस्प्स असे दोन्ही विकत घेतले, त्यांची एक कंपनी केली आणि तिचे भाग शेअरबाजारांत आणले. वॉस्प्सचे सामने सडबरी सोडून रेंजर्सच्या लॉफ्टस रोड मैदानावर होऊं लागले. पगारी रग्बीच्या त्या पहिल्या हंगामांत, म्हणजे १९९६–९७ मध्यें, २२ सामन्यांपैकीं १८ जिंकून वॉस्प्स पुन्हां अजिंक्य झाला. संघांत अॅलेक्स किंग व अँडी गोमर्सल यांच्यासारखे तरुण इंग्रज गडी होते, तसा कॅनडाचा गॅरेथ रीस होता, आणि ज्यांच्याशीं शंभर वर्षें अबोला होता त्या तेरांच्या खेळांतून आलेला सामोअन वीर तुइगामालाही कांहीं काळ होता. हा तुइगामाला त्याच हंगामांत न्यूकॅसलला गेला. गडी विकत येतो तसा विकतही जातो, हा नव्या युगाचा पहिला धडा क्लबास वर्षाच्या आंतच मिळाला.

दुसरा धडा याहून महत्त्वाचा आहे. १९९९ मध्यें क्लबाचे दोन भाग झाले. पगारी संघ कंपनीकडे राहिला. हौशी सभासदांचा क्लब निराळा होऊन लंडनांतच अॅक्टन भागांत खेळूं लागला. सडबरीची जागा विकली गेली. हिशेबाच्या दृष्टीनें ही वांटणी सरळ दिसते. परंतु त्या दिवसापासून संघ एकाचा, सभासद दुसऱ्याचे आणि मैदान तिसऱ्याचें, अशी स्थिति झाली. दोनच वर्षांनीं, २००१ मध्यें, ती शेअरबाजारांतील कंपनी कर्जांत बुडाली. राइट यांनीं वॉस्प्स आपल्याकडे ठेवला, आणि २००२ मध्यें संघ लंडन सोडून हाय विकम गांवीं, तेथील फुटबॉल क्लबाच्या सुमारें १०,००० प्रेक्षकांच्या मैदानावर भाड्यानें राहूं लागला.

आणि नेमक्या याच बेघर अवस्थेंत त्याचा सुवर्णकाळ उगवला! न्यूझीलंडचे वॉरन गॅटलंड हे मुख्य शिक्षक झाले. प्रतिपक्षास अडविण्याची कला शिकविण्यास शॉन एडवर्ड्स आले. हे मूळचे उत्तरेकडील विगनचे, तेरांच्या खेळांतील नामांकित गडी. प्रतिपक्षाची वाट न पाहतां सर्व फळीनें एकदम पुढें धांवून त्याच्यावर तुटून पडावयाचें, ही त्यांची शिकवण होती. तेव्हांच्या नियमानुसार साखळींतील दुसऱ्या व तिसऱ्या क्रमांकाच्या संघांची आपसांत लढत होऊन विजयी संघ पहिल्याशीं अंतिम सामना खेळे. २००३ मध्यें ग्लॉस्टर १५ गुणांनीं आघाडीवर असतांना अंतिम सामन्यांत वॉस्प्सनें त्यास ३९–३ असें धुऊन काढलें.

पुढील हंगाम याहून कठीण होता. २००३ च्या नोव्हेंबरांत इंग्लंडनें जगज्जेतेपद मिळविलें. त्या विजयी चमूंत डलाग्लिओ, वॉर्सली, ल्यूसी, अॅबट व शॉ असे वॉस्प्सचे पांच गडी होते. मान मोठा, पण क्लबाच्या दृष्टीनें अडचणही तेवढीच मोठी, कारण हंगामाचे आरंभींचे आठवडे या पांचांवांचून काढावयाचे होते. ती उणीव दुसऱ्या फळींतील गड्यांनीं भरून काढली. एप्रिलांत डब्लिन येथें मन्स्टरला ३७–३२ असें हरवून वॉस्प्स युरोपच्या अंतिम सामन्यास पोंचला. २३ मे २००४ रोजीं लंडनजवळच्या ट्विकनम येथें ७३,००० प्रेक्षकांसमोर फ्रान्सच्या तुलूझशीं गांठ पडली. अखेरची घटका भरत आली, दोघांचे गुण २०–२०. वॉस्प्सच्या रॉब हाउली या वेल्श गड्यानें कडेनें चेंडू पुढें लाथाडला व स्वतः त्यामागें धांवला. तुलूझचा पोइत्रनो चेंडूपाशीं आधीं पोंचला होता. पण तो आपणहून रेषेपार घरंगळत जाईल या भरंवशावर त्यानें क्षणभर वाट पाहिली. तेवढ्यांत हाउलीनें झेप घालून चेंडूवर हात टेकविला. वॉस्प्स २७–२० असा जिंकला. सहा दिवसांनीं त्याच मैदानावर बाथला १०–६ असें हरवून त्यानें इंग्लंडचें अजिंक्यपदही राखलें. डलाग्लिओ इटालियन बापाचा मुलगा, अॅबट दक्षिण आफ्रिकेंत जन्मलेला, व्हान गिस्बर्गन न्यूझीलंडचा, लिओटा सामोअन, एरिन्ली नायजेरियांत जन्मलेला. असा हा देशोदेशींचा मेळा एका जिवानें लढला. पगारानें निष्ठा निर्माण होत नाहीं असें म्हणणाऱ्यांस हा हंगाम हें सडेतोड उत्तर आहे. यानंतर २००५ व २००८ मध्यें देशाचें आणि २००७ मध्यें पुन्हां युरोपचें अजिंक्यपद आलें.

परंतु मैदानावरील यशानें तिजोरी भरली नाहीं. चांगल्या गड्यांचे पगार वर्षोवर्ष वाढत जातात. भाड्याच्या लहान मैदानावर तिकिटांचें उत्पन्न मात्र मर्यादितच राहतें. हा खड्डा मालकानें पदरमोड करून बुजवावयाचा, असा त्या धंद्याचा रिवाजच पडून गेला. २०१२ मध्यें संघ पहिल्या वर्गांत राहिला तो केवळ एका गुणानें, आणि त्या वेळीं क्लबास गिऱ्हाईक शोधणें चालू होतें. २०१३ मध्यें डेरेक रिचर्डसन यांनीं तो हातीं घेतला. दुसऱ्या वर्षीं त्यांनीं कव्हेंट्री शहरांतील ३२,००० प्रेक्षकांचें क्रीडागृह विकत घेतलें आणि संघ तिकडे नेला. २१ डिसेंबर २०१४ च्या पहिल्या सामन्यास २८,००० हून अधिक लोक लोटले. शेवटीं क्लबास स्वतःचें घर मिळालें, असें सर्वांस वाटलें. तें घर सावरण्यासाठीं २०१५ मध्यें साडेतीन कोटि पौंडांचे कर्जरोखे काढले गेले. व्याज दरसाल शेंकडा साडेसहा, मुदत मे २०२२. रोखे घेणाऱ्यांत संघाचे चाहतेही होते. पुढें महासाथीनें मैदानें ओस पाडलीं. ऑक्टोबर २०२० मध्यें वॉस्प्स पुन्हां अंतिम सामन्यास पोंचला व एक्झिटरकडून १३–१९ असा हरला. तो सामना रिकाम्या खुर्च्यांनीं पाहिला. मुदत भरली तेव्हां रोख्यांचे पैसे उभे राहिले नाहींत. सरकारी कराची बाकीही थकली होती. १७ ऑक्टोबर २०२२ रोजीं कंपनी कर्जनिवारकांच्या ताब्यांत गेली व त्याच दिवशीं १६७ माणसांच्या नोकऱ्या गेल्या. त्यांत खेळाडू होते, शिक्षक होते, तसे कचेरींतील कारकूनही होते. जॅक विलिस या गुणी गड्यास तुलूझनें ठेवून घेतलें. १८ वर्षांपूर्वीं हाउलीच्या झेपेनें हरलेलें तें हेंच तुलूझ.

या हकीकतीचा निष्कर्ष काय? पगार देणें हा अपराध नव्हे. तो न देण्याचा अन्याय १८९५ सालीं उघड झालाच होता. आमच्या मतें चूक पगाराची नसून वांटणीची आहे. सडबरीस संघ, सभासद आणि जमीन हीं तिन्हीं एकाच हातीं होतीं. तो क्लब गरीब होता, पण बुडूं शकत नव्हता. पुढें तिन्हींची फारकत झाली, आणि मालकाच्या मर्जीवांचून संघास दुसरा आधार उरला नाहीं. कव्हेंट्रीस घर मिळालें खरें; परंतु तें कर्जाचें होतें, आणि ज्या शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या जिवावर संघ वाढला ते लंडनांत मागेंच राहिले होते. याचा सर्वांत बोलका पुरावा अॅक्टनला आहे. कंपनी बुडाली, पण १९९९ मध्यें बाजूला काढलेला तो बिनपगारी सभासदांचा क्लब तिच्याबरोबर बुडाला नाहीं. १८६७ ची परंपरा त्याच्याच मैदानावर पुढें चालू राहिली.

हा विचार आपणांस अगदींच परका नाहीं. मुंबईच्या जिमखान्यावर पावसाळ्याच्या चिखलांत रग्बी खेळण्याची चाल जुनी आहे. आणि जून २०२५ मध्यें सात-सात गड्यांच्या पगारी रग्बीची स्पर्धा मुंबईंतच प्रथम भरली. तींतील सहाही संघांस नांवें शहरांचीं वा प्रांतांचीं होतीं, मालकी मात्र भांडवलवाल्यांची. आपले गडी या खेळावर पोट भरूं लागले तर आम्हांस आनंदच आहे. मात्र ज्या शहराचें नांव संघ लावतो त्या शहराचें त्यांत कांहीं स्वत्व असावें, एवढी काळजी आतांपासूनच घेतलेली बरी.

क्लब बंद पडणें हेंही कांहीं आजचें नवल नव्हे. १८७३ मध्यें कलकत्त्यास निघालेला रग्बीचा क्लब पांचच वर्षांत मोडला. सभासदांनीं पेढींतील शिल्लक काढली, २७० चांदीचे रुपये आटविले, त्यांचा एक पेला घडविला आणि १८७८ मध्यें तो यूनियनच्या स्वाधीन केला. त्याच्या कानांस नाग आहेत, झांकणावर हत्ती आहे, आणि त्याच ‘कलकत्ता कप’साठीं इंग्लंड व स्कॉटलंड हे देश आजही दरवर्षीं झुंजतात. त्या क्लबानें कधीं युरोप जिंकला नाहीं; पण मोडला त्या दिवशीं त्याच्या नांवावर कोणाचें देणें नव्हतें, आणि जें होतें तें खेळाच्याच पदरांत पडलें.