संध्याकाळचा ‘गजरा’ : मुंबई दूरदर्शन आणि करमणुकीची वेळ

मुंबई दूरदर्शनचा इतिहास वाचताना कार्यक्रमांच्या याद्यांआधी घड्याळाकडे पाहा. २ ऑक्टोबर १९७२ रोजी केंद्र सुरू झाले, तेव्हा प्रक्षेपण संध्याकाळी काही तासच असे. दिवेलागण झाली की संच लागे. ज्यांच्याकडे संच नसे ते शेजाऱ्यांकडे जाऊन बसत. म्हणजे संध्याकाळ हा वेगळा विषय निवडावा लागत नव्हता, ती या माध्यमाची वेळच होती.

जर्मनीत नाच, गाणी, विनोद यांच्या मिश्र कार्यक्रमाला ‘बुंटर आबेन्ट’, म्हणजे रंगीबेरंगी संध्याकाळ, म्हणतात. बर्लिनमध्ये नियमित दूरचित्रवाणी १९३५ सालीच सुरू झाली होती. आपल्याकडे या जातीला जवळचा कार्यक्रम म्हणजे विनायक चासकरांचा ‘गजरा’. छोटी प्रहसने निवेदनाच्या धाग्यात ओवलेली. नावही पाहा: मोगऱ्याच्या कळ्या उमलतात त्या तिन्हीसांजेलाच. मुद्दाम ठरवले असो वा नसो, नाव चपखल बसले.

गाण्यासाठी ‘शब्दांच्या पलीकडले’ होते; हे शब्द मंगेश पाडगावकरांच्या गीतातले. इथे एक गोष्ट ध्यानात घ्या. मराठी श्रोत्याचा कान वेळेला आधीच सरावलेला होता. मारवा, पूरिया संधिप्रकाशाचे, यमन त्यानंतरचा, हे नाट्यसंगीताच्या आणि रेडिओच्या श्रोत्याला कोणी शिकवावे लागत नव्हते. छोट्या कृष्णधवल पडद्यावर मावळतीचे रंग दाखवता येत नव्हते; सूर मात्र ती वेळ उभी करू शकत होते.

पण ही संध्याकाळ सर्व मराठी माणसांची नव्हती. पुण्याला १९७३ साली सिंहगडावरून सहक्षेपण मिळाले. जबलपूर १८१७ पर्यंत नागपूरकर भोसल्यांकडे होते, मराठी कुटुंबे तिथे पिढ्यान्‌पिढ्या आहेत. तरी कांचघरातल्या मराठी घराला मुंबईच्या मनोऱ्याचा उपयोग नव्हता. सुमारे हजार किलोमीटरचे अंतर! १९८२ साली दिल्लीचा राष्ट्रीय कार्यक्रम आला आणि मुंबईतही रात्रीची मोक्याची वेळ हिंदी-इंग्रजीकडे गेली. प्रादेशिक निर्मितीची ही कोंडी अभ्यासक हल्ली फार हलक्याने घेतात, असे मला वाटते. जबलपूरच्या घरात दूरदर्शनची मराठी संध्याकाळ पोहोचायला १९९० च्या दशकातली उपग्रह वाहिनी यावी लागली. तोवर संच रंगीत झाले होते, आणि प्रक्षेपण सकाळ-दुपारही चालू लागले होते.