मिलेचा ‘आंजेलस’

फ्रेंच चित्रकार झाँ फ्रान्स्वा मिले (1814–1875) हा नॉर्मंडीतील शेतकऱ्याचा मुलगा. तरुणपणी त्याने शेतात राबून मगच कुंचला हाती घेतला. ‘आंजेलस’ हे चित्र त्याने 1857 ते 1859 या काळात बार्बिझाँ गावी रंगविले. दूरच्या मंदिराची सायंघंटा झाली आहे. बटाटे काढणारे जोडपे थबकले आहे. दात्यांचे फावडे मातीत रोवलेले, टोपली पायाशी, धन्याने टोपी हातात घेतलेली. घंटा ऐकताच आजी काम थांबवून मृतांसाठी प्रार्थना करायला लावी, ही त्यामागची आठवण. दोघांचे चेहरे मात्र सावलीत आहेत. कष्टकऱ्यांना उगाच देखणे न करणारा हा प्रामाणिकपणा मला मोलाचा वाटतो. 1889 साली हे चित्र साडेपाच लाख फ्रँकना विकले गेले. मिलेच्या कुटुंबाला त्यातले काहीच मिळाले नाही. पुनर्विक्रीत चित्रकाराला व वारसांना वाटा देणारा कायदा फ्रान्सने 1920 साली केला.