लाखेच्या तबकडीतली सुंदराबाई

आजोबांच्या तोंडी जुन्या गाण्यांचा विषय निघाला की तो पिनांपासून सुरू व्हायचा. गोंदिया भागातल्या आमगावकडच्या त्यांच्या गावी मालगुजाराच्या वाड्यात भोंग्याचा फोनो होता. दिवाळीनंतर मंडईची जत्रा भरली की तो पडवीत काढत. चावी द्यायचं काम मोठ्यांचं, पिना सांभाळायचं काम आजोबांचं. एका बाजूला एक पिन. तीन मिनिटांत पोलादी टोक बोथट व्हायचं आणि तीच पिन पुन्हा लावली तर तबकडी खरवडून निघायची. वापरलेल्या पिना आजोबा रिकाम्या चुनाडबीत गोळा करत. “बाई गाऊन गेली का तिची पिन माह्या डबीत,” असं ते सांगायचे.

ती बाई म्हणजे पुण्याच्या सुंदराबाई जाधव. तबकड्यांवर, जाहिरातींत ‘बाई सुंदराबाई’. लावणी, ठुमरी, गझल, भजन हे सगळं त्यांच्या गळ्यात होतं. दंडार आणि खडी गंमत ही लोकनाट्यं रात्रभर पाहणाऱ्या आमच्या झाडीपट्टीतल्या माणसांना तीन मिनिटांचं गाणं आधी तोकडंच वाटलं असणार. पण आजोबांची मोठी बहीण म्हणायची की पुण्याची ही बाई थोडक्यात सगळं सांगून जाते. लहानपणी मला ते कौतुकाचं बोलणं वाटे. जुनी ध्वनिमुद्रणं ऐकू लागलो तेव्हा कळलं, त्या पिढीच्या गायिकांची खरी कमाई तीच होती.

नोव्हेंबर 1902 मध्ये ग्रामोफोन कंपनीच्या फ्रेड गायसबर्गने कलकत्त्यात गायिका गौहरजानचा आवाज टिपला आणि आपल्याकडे ध्वनिमुद्रणाचं हे पर्व सुरू झालं. सुरुवातीच्या तबकड्या जर्मनीत हॅनोव्हरला छापून येत. 1908 मध्ये कलकत्त्यातच कारखाना निघाला. तेव्हा मायक्रोफोन नव्हता. गायिकेनं भोंग्यात तोंड घालून गायचं, चढा स्वर आला की मान मागे घ्यायची, तबला-सारंगी बेताच्या अंतरावर बसवायची. आवाजाचा जोर भोंग्यामागच्या पडद्याला, पडद्याची थरथर सुईला आणि सुईची रेघ मेणाला. मैफलीत घोळवून घोळवून मांडलेली चीज इथे तीन-साडेतीन मिनिटांत बसवायची, तीही पोकळ न वाटू देता. कसदार गळ्याइतकीच त्यासाठी नेमकी बुद्धी लागे.

सुंदराबाईंची ती बुद्धी नाटकवाल्यांनीही ओळखली. राम गणेश गडकऱ्यांचं आयुष्य आमच्या विदर्भात, सावनेरला, 23 जानेवारी 1919 रोजी संपलं. त्यानंतर महिनाही झाला नव्हता तोच गंधर्व नाटक मंडळीने बडोद्याला त्यांचं ‘एकच प्याला’ हे नाटक रंगभूमीवर आणलं. पदं विठ्ठल सीताराम गुर्जरांची आणि चाली सुंदराबाईंच्या. बैठकीतल्या त्या चाली बालगंधर्वांनी नाटकाची नायिका सिंधू हिच्या तोंडी घातल्या, आणि महाराष्ट्र सिंधूच्या दुःखानं हेलावला. आमच्या घरीही ती पदं बालगंधर्वांची म्हणूनच ठाऊक होती. एकटे आजोबा सांगत, “चाल बाईची हाय, पोरा. नाव घेत जा.” त्यांना हे कुणी सांगितलं, देव जाणे. पण ते खरं होतं, आणि त्यांच्या तोंडून ते ऐकायला मिळालं याचा मला आजही अभिमान आहे.

1925 च्या सुमारास विजेवरचं ध्वनिमुद्रण आलं आणि भोंग्याचा जमाना सरू लागला. मायक्रोफोनला कुजबुजही ऐकू येई, त्यामुळे भोंग्यासाठी कमावलेले खणखणीत गळे अचानक जुने ठरले. जगभर हेच घडलं. अमेरिकेत बिली मरे हा भोंग्याच्या काळातला अतिशय खपाचा गायक. प्रत्येक शब्द खिळा ठोकावा तसा स्पष्ट. हळुवार गाणाऱ्यांनी त्याची जागा घेतली, तेव्हा त्याने मॅक्स फ्लायशर यांच्या व्यंगपटांतल्या पात्रांना आवाज दिला. शब्द ठसठशीत पोहोचवायची त्याची सवय तिथे कामी आली.

सुंदराबाईंनाही नवी दारं शोधावी लागली, आणि त्यांनी ती शोधली. त्या मुंबई आकाशवाणीवरून गाऊ लागल्या.  ‘प्रभात’ फिल्म कंपनीच्या 1939 च्या ‘माणूस’ चित्रपटामध्ये आणि त्याच्या हिंदी ‘आदमी’मध्ये सुंदराबाई पडद्यावर आल्या, शाहू मोडकांनी केलेल्या गणपत हवालदाराची आई होऊन. गोंदियाकडे हिंदी सिनेमाची चलती, म्हणून आजोबांनी पाहिला तो ‘आदमी’. देवभोळी, मुलावर जीव टाकणारी ती म्हातारी बोलली आणि आजोबांनी चेहऱ्याआधी आवाज ओळखला. बोलतानाही तिचा शब्द गाण्यासारखाच नीट जागेवर पडतो, असं त्यांचं म्हणणं.

या सगळ्यात आमच्या मुलखाचाही एक वाटा आहे. जुनी तबकडी म्हणजे लाख, दगडाची भुकटी, काजळी आणि कापसाचे तंतू. यातली लाख रानातली. पळस, बोर, कुसुमाच्या कोवळ्या फांद्यांवर लाखेचे बारीक किडे चिकटतात, रस शोषतात आणि अंगाभोवती राळेचं कवच धरतात. फांद्या तोडून ते कवच खरवडायचं, धुवायचं, कापडी पिशवीत भरून निखाऱ्यावर वितळवायचं आणि पातळ ताणून चपडा करायचा. पळस-बोरावरची ती रंगीनी, कुसुमावरची कुसुमी. गोंदिया-बालाघाटच्या पट्ट्यात लाखेचा हा धंदा जुना. गोंदिया रेल्वेचं जंक्शन, त्यामुळे रानातला माल इथूनच देशभर जाई. पळसाच्या फांद्या खरवडताना हात कसे चिकट होत, हे आजी सांगायची. त्या हातांना सुंदराबाईंचं नाव ठाऊक नव्हतं आणि सुंदराबाईंना ते हात.

दुसऱ्या महायुद्धात लाखेची किंमत साऱ्या जगाला कळली. 1942 मध्ये अमेरिकी सरकारनं तबकड्यांसाठी मिळणाऱ्या लाखेत मोठी कपात केली आणि तिकडच्या कंपन्या जुन्या तबकड्या परत घेऊन दळू लागल्या. किती गळे त्या चक्कीत गेले असतील!

आपल्याकडे चक्कीची गरज पडली नाही. माळ्यावरचा दमटपणा आणि भंगारवाल्याची हातगाडी पुरेशी ठरली. तरी सगळं गेलेलं नाही. 1990 मध्ये मुंबईत सुरू झालेल्या ‘सोसायटी ऑफ इंडियन रेकॉर्ड कलेक्टर्स’मधल्या मंडळींनी पदरमोड करून तबकड्या जमवल्या, कलावंतांच्या कहाण्या लिहिल्या. त्यांचे उपकार मोठे आहेत. पण गावोगावचं ऐकणं कोणत्याही तबकडीवर नाही. कुणाच्या पडवीत कोणती बाई वाजली, तिच्या लावणीवर कोण म्हातारं मान डोलावत होतं, लाख कुणी खरवडली, हे अजून नव्वदीतल्या काही माणसांपाशीच आहे. आमगाव, देवरी, सालेकशाच्या घरांत अशी माणसं आहेत. येत्या मंडईला गावी जाल तेव्हा त्यांच्याजवळ बसा, विचारा आणि लिहून घ्या. गाणाऱ्या बाईचं नाव आधी लिहा.