नऊ महिने नऊ दिवस : सोलापूरच्या कामगार स्त्रीचा एक हिशेब

१/ बाळंतपणाची अपेक्षित तारीख हा आज दवाखान्यातील कागदावरचा एक आकडा आहे. सोलापूरच्या गिरणीत किंवा विडी कारखान्यात राबणाऱ्या स्त्रीसाठी मात्र तो मजुरीचा प्रश्न होता. त्या तारखेचा हा इतिहास.

२/ मराठी घरांतील जुना हिशेब म्हणजे 'नऊ महिने नऊ दिवस'. पण महिने कोणते? पंचांगातील चांद्रमास धरल्यास सुमारे २७५ दिवस भरतात, तर इंग्रजी महिने धरल्यास सुमारे २८२. म्हणजे एका आठवड्याचा फरक!

३/ जर्मनीतील हायडेलबर्गचे प्रसूतितज्ज्ञ फ्रान्झ नेगेले (१७७८-१८५१) यांच्या नावाने रूढ झालेला नियम असा : शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसात नऊ महिने व सात दिवस मिळवावेत. पाळी १ जानेवारीला आली असेल, तर तारीख ८ ऑक्टोबर. एकूण २८० दिवस.

४/ हा नियम २८ दिवसांचे नियमित चक्र गृहीत धरतो. अंगावर पाजणाऱ्या स्त्रीला पाळी परत येण्याआधीच दिवस गेले, तर मोजणी सुरू कोठून करायची? अशा वेळी दाईचा हात कामी येई. साधारण बाराव्या आठवड्यात गर्भाशय ओटीपोटाच्या हाडावर हाताला लागते, विसाव्यात बेंबीपाशी पोहोचते.

५/ १९१९ साली वॉशिंग्टन येथे पहिली आंतरराष्ट्रीय कामगार परिषद भरली. भारतीय कामगारांचे प्रतिनिधी होते नारायण मल्हार जोशी. तेथे संमत झालेल्या प्रसूतिविषयक करारात एक विलक्षण तरतूद होती : डॉक्टर किंवा सुईणीचा तारखेचा अंदाज चुकला, तरी स्त्रीचा लाभ बुडता कामा नये. हा करार भारताने स्वीकारला नाही.

६/ सोलापूर ज्या मुंबई इलाख्यात होते, तेथे १९२९ साली प्रसूती लाभाचा कायदा झाला. त्याआधी, जुलै १९२८ मध्ये, विधिमंडळात त्या विधेयकाचे समर्थन करताना डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी प्रसूतीच्या आधी आणि नंतर मातेला विश्रांती मिळणे राष्ट्रहिताचे असल्याचे मांडले.

७/ स्वातंत्र्यानंतर १९६१ चा केंद्रीय कायदा आला. सोलापुरात असंख्य स्त्रियांचा संसार ज्या विडीवर चाले, त्या उद्योगाला १९६६ च्या कायद्याने तो लागू केला. लाभ बारा आठवड्यांचा : सहा प्रसूतीच्या दिवसापर्यंतचे, सहा त्यानंतरचे.

८/ मेख येथेच होती. रजेची सूचना अपेक्षित तारखेवरून द्यायची, पण लाभाचे आठवडे प्रत्यक्ष प्रसूतीपासून मागे मोजायचे. सहा आठवडे आधी घरी बसलेल्या स्त्रीचे बाळंतपण दहा दिवस लांबले, तर ते दहा दिवस बिनपगारी! १९८८ च्या दुरुस्तीने ही मोजणी अपेक्षित तारखेशी जोडली. २०१७ पासून पहिल्या दोन अपत्यांसाठी २६ आठवडे मिळतात. त्यांपैकी अपेक्षित तारखेपूर्वी जास्तीत जास्त आठ.

९/ १९५८ मध्ये ग्लासगोच्या इयान डोनाल्ड यांनी सोनोग्राफीचा प्रसूतिशास्त्रातील उपयोग प्रसिद्ध केला. पहिल्या तिमाहीत गर्भाची लांबी मोजून आता तारीख काही दिवसांच्या फरकाने सांगता येते. तरीही नेमक्या त्या दिवशी जन्मणारी बाळे वीसांत एखादेच. अंदाज चुकणारच, हे १९१९ च्या करारकर्त्यांनी ओळखले होते. त्या चुकीची किंमत बाळंतिणीने मोजू नये, हे आपल्या कायद्यात यायला मात्र सात दशके लागली.