फुटांत मोजलेला वेळ

आमचे थोरले मामा पन्नासच्या दशकात अंधेरीच्या एका स्टुडिओत संकलकाच्या हाताखाली होते. नटनट्यांच्या गोष्टी ऐकायला आम्ही पोरं त्यांच्याभोवती जमायचो आणि मामा सांगत बसायचे फिल्म सिमेंटच्या वासाबद्दल. जोड द्यायचा तर आधी कडेचं इमल्शन खरवडायचं, सिमेंट लावायचं, दाबून धरायचं. जोड बदलावा लागला की एखादी फ्रेम हमखास जायची. मग तिच्या जागी तेवढाच काळा तुकडा घालायचा, नाहीतर ओठ एकीकडे आणि आवाज भलतीकडे! सेकंदाला २४ फ्रेम, फुटात १६. मामा वेळसुद्धा फुटांतच मोजायचे. कुणाच्या लग्नात मंगलाष्टकं लांबली की पुटपुटायचे, "दोनशे फूट जास्त झाली."

नाव मात्र ते एकाचंच आदरानं घ्यायचे : हृषीदा. हृषिकेश मुखर्जी. कलकत्त्यात काही काळ विज्ञान-गणित शिकवलेला हा माणूस न्यू थिएटर्समध्ये सुबोध मित्रांकडे कात्री धरायला शिकला. सुबोध मित्रांना सगळे 'कैंचीदा'च म्हणत. १९५१ च्या सुमारास दिग्दर्शक बिमल रॉय मुंबईला आले, तेव्हा हृषीदाही त्यांच्या चमूत होते.

'दो बिघा जमीन' (१९५३) ची पटकथा हृषीदांची आणि संकलनही. त्यातली रिक्षांची शर्यत आठवा. गिऱ्हाईक जास्त पैशांचं आमिष दाखवतं, बलराज साहनी जिवाच्या आकांतानं धावतात आणि शेवटी चाकच निखळतं. मामा म्हणायचे, तिथे आवाज बंद करून बघ, तरी दम लागतो.

१९५८ च्या 'मधुमती'साठी हृषीदांना संकलनाचं फिल्मफेअर मिळालं. तोवर ते दिग्दर्शकही झाले होते. पहिला 'मुसाफिर' पडला, 'अनाडी' चालला. त्यांच्या सिनेमांच्या साधेपणाचं कौतुक सगळेच करतात. मला तो साधेपणा संकलनाच्या टेबलावरचा वाटतो. जो शॉट कापून टाकावा लागेल, तो घ्यायचाच कशाला? 'आनंद' (१९७१) चं चित्रीकरण महिनाभरातच उरकलं, आणि संकलनाचं फिल्मफेअर त्यालाही मिळालं.

दिग्दर्शक म्हणून एवढं नाव झाल्यावरही त्यांनी दुसऱ्यांची रिळं कापणं कमीपणाचं मानलं नाही. १९८३ चा 'कुली' मनमोहन देसाईंचा; संकलक हृषिकेश मुखर्जी.