डेन्मार्कचं आईस्क्रीम, पत्ता न्यूयॉर्कचा

‘हागेन-डाझ’ म्हटलं की युरोपातलं एखादं जुनं आईस्क्रीमवालं घराणं डोळ्यांपुढे येतं ना? तसं घराणं नव्हतंच. न्यूयॉर्कच्या ब्रॉंक्स भागात पोलंडहून आलेलं एक ज्यू कुटुंब आईस्क्रीम विकायचं. त्यातल्या रूबेन मॅटस यांनी १९६० च्या सुमारास हे नाव चक्क बनवलं. कुठल्याच भाषेत त्याला अर्थ नाही. नावातल्या ‘ए’वर दोन टिंबं आहेत, पण डॅनिशमध्ये ते अक्षरच नाही! सुरुवातीच्या डब्यांवर मात्र डेन्मार्कचा नकाशा. आपल्याकडच्या ‘पेशवेकालीन चव’ पाट्यांचाच मोठा भाऊ.

पण डेन्मार्कच का? १९४३ मध्ये नाझी धरपकड करणार हे कळताच तिथल्या लोकांनी आपल्या बहुतेक ज्यूंना होड्यांतून गुपचूप स्वीडनला पोचवलं. मॅटस यांना त्याची जाण होती. म्हणजे भावना खरी, नकाशा फसवा. मला विचाराल तर ही होड्यांची गोष्टच डब्यावर छापायला हवी होती.

खरी गंमत १९८० ची. ‘फ्रुसेन ग्लाद्ये’ नावाचं दुसरं आईस्क्रीम बाजारात आलं. तेही अमेरिकेतलंच, थाट स्वीडिश. हागेन-डाझवाले थेट कोर्टात, की आमची स्कॅन्डिनेव्हियन स्टाईल चोरली! न्यायाधीशांनी मनाई हुकूम द्यायला नकार दिला. त्यांचा एक मुद्दा असा, की ग्राहकाला तसंच भासवायचा प्रयत्न तर तुम्हीही करताय, मग तक्रार घेऊन आलात कसे?