पिरेअसच्या कोठाराचा स्थपती फिलॉन

ग्रीक स्थपतींची कीर्ती बहुधा त्यांच्या मंदिरांवर उभी आहे. एलेउसिसच्या फिलॉनचे तसे नाही. अथेन्सच्या पिरेअस बंदरातील त्याचे नौकासाहित्याचे कोठार इ. स. पू. 86 मध्ये रोमन सेनापती सुल्ला याने जाळले. या कोठाराविषयी त्याने ग्रंथलेखन केल्याचे व्हिट्रुव्हिअस सांगतो. तेही नष्ट झाले. उरला तो 1882 साली पिरेअस येथे सापडलेला सुमारे शंभर ओळींचा शिलालेख.

हा लेख म्हणजे इ. स. पू. 347-46 च्या सुमारास मक्तेदारांसाठी कोरविलेला बांधकामाचा तपशील होय. शीर्षभागी फिलॉनबरोबर मेलितेच्या एउथिदोमॉसचेही नाव आहे. उत्तरकाळाने मात्र त्याला विसरून सारे श्रेय फिलॉनला दिले. कोठाराची लांबी 400 ग्रीक फूट, रुंदी भिंतींसह 55 फूट. मधोमध लोकांना जाण्यासाठी 20 फुटी मार्ग, त्याच्या दोन्ही अंगांस स्तंभांची एकेक रांग आणि स्तंभांपलीकडे शिडांच्या पेट्या व दोरांच्या फळ्या. मॅसिडोनियाच्या फिलिपशी युद्ध जुंपल्यामुळे इ. स. पू. 339-38 मध्ये काम थांबले व पुढे लिकुर्गसच्या कारभारात ते पुरे झाले.

भाषेच्या अभ्यासकास यात विशेष लक्षणीय वाटते ते असे की, शिलालेखात एकही आकृती नाही. आकृतीचे काम शब्दरचना करते. वर्णनाचा क्रम बांधणीच्याच क्रमाने चालतो: पाया, भिंती, स्तंभ, छप्पर. आरंभी ‘बांधणे’ असे भाववाचक रूप येते; पुढे मक्तेदार ‘करील’, ‘बसवील’ अशी तृतीयपुरुषी भविष्यकाळाची रूपे आज्ञेचा अर्थ वाहतात. तथापि हा तपशील स्वयंपूर्ण नाही, आणि हे तो स्वतःच मान्य करतो. आत गारवा राहावा म्हणून भिंतीतील दगडांच्या सांध्यांत फटी ठेवावयाच्या, पण कोठे? स्थपती सांगेल तेथे. शेवटीही सर्व काम तपशील, मापे आणि स्थपती सांगेल तो नमुना यांनुसार करावे, असे बंधन आहे. येथील ‘फ्राझेइन’ हे क्रियापद होमरच्या भाषेत ‘दाखविणे’ या अर्थी येते. पुढे त्याला ‘सांगणे’ हा अर्थ आला. स्थपतीच्या तोंडी दोन्ही छटा शोभतात.

फिलॉनने आपल्या कामाचा हिशेब अथेन्सच्या नागरिकांपुढे मोठ्या वक्तृत्वाने दिला, असे सिसेरोच्या वक्तृत्वविषयक संवादात एक पात्र म्हणते, आणि ते वक्तृत्व स्थापत्याचे नव्हे, वक्त्याच्या कलेचे होते, असा निर्वाळा देते. शिलालेख वाचल्यावर हा निर्वाळा मला पटत नाही. ज्याला रेषेवाचून चारशे फुटांची इमारत शब्दांत उभी करावी लागत होती आणि उरलेले कामाच्या जागी तोंडाने सांगावे लागत होते, त्याचे बोलणे त्याच्या स्थापत्याहून वेगळे काढता येणार नाही.